आगाशे मास्तरांचा अणू

१६ जानेवारी १९४५, सांगली

डोकं तापलेलं आहे, म्हणून ही वही काढली. रोजनिशी लिहिण्याची मला सवय नाही. पण शाळेत बोलले तर मुख्याध्यापिका शकुंतलाबाईंना खपत नाही, आणि घरी बोलले तर माझा भाऊ, अण्णा, पक्षकार आल्याचं निमित्त करून उठून जातो. तेव्हा कागदाशीच बोलते.

आज मॅट्रिकच्या वर्गाला अणूचा धडा काढला. पुस्तक साताऱ्याच्या आगाशे मास्तरांचं. आसपासच्या पुष्कळ शाळांतून तेच चालतं, आमच्या मुलींच्या शाळेतही. पहिलंच वाक्य असं : 'अणू हा पदार्थाचा सर्वांत लहान व अविभाज्य कण होय.' सन १९४५ मध्ये हे मुलींच्या हातात देतात. अणूच्या पोटातला इलेक्ट्रॉन शास्त्रज्ञांनी शोधून काढला त्याला पन्नास वर्षं होत आली. पुण्याला कॉलेजात असताना मी स्वतः ती काचेची नळी पाहिली आहे. आतली हवा काढून घेतलेली, दोन टोकांना विजेचा जबरदस्त दाब. खोलीत अंधार केला तेव्हा नळीची काच हिरवट उजळली, आणि प्रोफेसरांनी लोहचुंबक जवळ आणला तसा तो उजेडाचा डाग बाजूला सरकला. प्रकाश काही चुंबकाने सरकत नाही. म्हणजे नळीतून धावत होते ते कण होते, विजेने भारलेले, आणि हलक्यात हलक्या अणूहून दीड-दोन हजार पटींनी हलके. त्या दिवशी मी खानावळीत जेवायला जायचं विसरले होते. आणि आगाशे मास्तर म्हणतात, अविभाज्य.

मी पुस्तक मिटलं आणि वर्गाला सांगितलं की हे वाक्य चूक आहे. का चूक ते त्या नळीची हकीकत सांगत तास संपेपर्यंत समजावलं. शेवटी म्हटलं, "परीक्षेत असो की आणखी कुठे, जी मुलगी अणू अविभाज्य आहे म्हणेल ती माझी विद्यार्थिनी नाही."

वर्ग चिडीचूप झाला. मला फार बरं वाटलं.

२ फेब्रुवारी

वर्गात शालू नावाची मुलगी आहे. आष्ट्याच्या केरबांची मुलगी, इथे आत्याकडे राहून शिकते. घरचा ऊस आहे, चार माणसांत वजन आहे. थोरला भाऊ जोतीराम पलटणीत, सध्या ब्रह्मदेशात लढाईवर. शालू वर्गात कमी बोलते, आणि बोलली की आष्ट्याचं बोलणं मधूनच डोकावतं म्हणून बाकीच्या मुली हसतात. पण तिच्यासारखं डोकं मला या शाळेत दुसरं भेटलेलं नाही.

आज मी सांगत होते की अणू म्हणजे भरीव गोळी नव्हे. सोन्याच्या पातळ पत्र्यावर कणांचा मारा केला तर बहुतेक कण पत्र्यात काही नसल्यासारखे पार निघून जातात, आणि एखादाच आपटून माघारी येतो. म्हणजे अणू जवळजवळ सगळा रिकामा, आणि मधोमध एक बारीकसं जड केंद्र. भोवती दूरवर इलेक्ट्रॉन. म्हटलं, आपल्या गणपतीच्या देवळाचं अख्खं आवार म्हणजे अणू धरला तर मधलं केंद्र मोहरीच्या दाण्याहून मोठं नाही.

शालू उठून म्हणाली, "बाई, मग येवढ्या रिकाम्यात भित कशी उबी ऱ्हाती? माझा हात आरपार का जात न्हाई?"

मुली हसल्या. मी हसले नाही. हा प्रश्न मला बी.एस्सी. होईपर्यंत सुचला नव्हता. मी तिला सांगितलं की हाताचे इलेक्ट्रॉन आणि भिंतीचे इलेक्ट्रॉन एकमेकांना लांब लोटतात, तेच आपल्याला कठीण लागतं. ती बराच वेळ बाकावर हात टेकवून दाबत बसली होती.

साताऱ्याला एक विद्यार्थिनी निधी आहे. दर वर्षी सातारा जिल्ह्यातली, म्हणजे आष्ट्याकडचीही, एक मुलगी निवडून तिला सायन्स शिकायला पुण्याला पाठवतात, वसतिगृहासकट. मे महिन्यात त्यांची लेखी आणि तोंडी परीक्षा असते. शालूला मी बसवणार.

१९ फेब्रुवारी

आज इन्स्पेक्टर आले होते. शकुंतलाबाईंनी सकाळीच बजावलं की आजचा दिवस पुस्तकाला धरून शिकवा, आगाशे मास्तर आपल्या शाळेच्या सल्लागार मंडळावर आहेत हे विसरू नका. माझं दुर्दैव असं, की इन्स्पेक्टरांनी नेमका अणूचा धडा घ्यायला सांगितला.

मी पुस्तकातलं वाक्य फळ्यावर लिहिलं आणि मुलींकडून एका सुरात म्हणवून घेतलं. वाद घालायची ती वेळ नव्हती. शिवाय नोकरी कायम व्हायची आहे आणि तीन महिन्यांत कागद निघणार आहेत. मुलींना एवढं समजतं. इन्स्पेक्टर खूश होऊन गेले.

सगळ्या मुली म्हणत असताना शालू तेवढी ओठ न हलवता माझ्याकडे बघत बसली होती. घसा धरला असावा.

११ मार्च

शालूचे वडील शाळेत आले होते. उंच, ताठ माणूस, डोक्याला फेटा. खुर्चीवर बसायला सांगितलं तरी उभेच राहिले. मी निधीबद्दल सगळं सांगितलं. त्यांनी शांतपणे ऐकून घेतलं आणि म्हणाले, "आवं बाई, साताऱ्याच्या लोकांनी जिल्ह्यातनं माझी पोरगी निवडली तर तो मान हाय. मग मी धाडतो, भावकी काय म्हनंल ते म्हनू दे. पन न्हाई निवडली तर लगीन. वाळव्याचं ठिकान सांगून आलंय, लय दिस थांबवता येत न्हाई."

मी म्हटलं, निवडल्याशिवाय राहणारच नाहीत.

घरी आल्यावर अण्णाला सांगितलं. त्याने विचारलं, तोंडी परीक्षा कोण घेतं? म्हटलं, आगाशे मास्तर आणि आणखी दोघे. तो म्हणाला, "मग तिला सांगून ठेव, की तिथे पुस्तकाप्रमाणे बोल." वकिलांना सत्याची चाड नसते ती अशी. मी त्याच्याशी रात्रभर बोलले नाही.

१४ मे, सातारा

मिरजेहून गाडीने सातारा रोड, तिथून मोटारीने गावात. वहिनीच्या माहेरी उतरलो आहोत, मी आणि शालू. काल लेखी झाली, ती उत्तम गेली. आज तोंडी.

मी बाहेर ओसरीवर बसले होते. शालू बाहेर आली तेव्हा चेहरा पांढरा पडला होता. मी खोदून खोदून विचारलं तेव्हा सांगू लागली. मधे बसले होते ते पांढऱ्या मिशांचे आगाशे मास्तर. त्यांनी पाण्याचं, उष्णतेचं, तरफेचं विचारलं, सगळं आलं. मग विचारलं, अणू म्हणजे काय.

"मग?"

"मी म्हनले, अणू फुटतो. त्यात इलेक्ट्रॉन असत्यात. मग त्यांनी पुस्तक उचललं आन् म्हनले, ह्यात काय लिवलंय ते सांग. मी गप ऱ्हायले."

"आणि?"

"त्यांनी दोन बारी विचारलं, बाई. दोन्ही बारी मी गपच ऱ्हायले."

मी तिथेच ओसरीवर तिची पाठ थोपटली. म्हटलं, आज तू साताऱ्यात उभं राहून खरं बोललीस, हे कितीजणांना जमतं? येताना पोवई नाक्यावर मी तिला अजिंक्यतारा दाखवला, तिचं लक्ष नव्हतं. थकली असेल.

२ जून, सांगली

निवड झाली. वाईची कोणी मुलगी.

मी चौकशी केली. लेखीत शालू सगळ्यांच्या पुढे होती. तोंडीत पाडली. एका वाक्यासाठी. जे वाक्य तीस वर्षांपूर्वीच पुस्तकातून जायला हवं होतं, त्या वाक्यासाठी एका मुलीचं सगळं शिक्षण संपवलं. आणि हे लोक स्वतःला स्त्रीशिक्षणाचे कैवारी म्हणवतात. जिल्हाभर फोटो काढून घेतात, हार घालून घेतात. मी साताऱ्याला जाणार. अण्णा म्हणतो, जाऊन उपयोग नाही. उपयोगासाठी कोण जातंय?

९ जून, सातारा

आगाशे मास्तरांच्या घरी गेले. त्यांनी बसायला पाट दिला, पत्नीला पन्हं आणायला सांगितलं. त्या आदरातिथ्याचा मला जास्तच राग आला.

मी म्हटलं, पुस्तकातलं वाक्य चूक आहे हे आपल्याला माहीत आहे की नाही? त्यांनी नाही म्हटलं नाही. म्हणाले, मी शिकलो तेव्हा हेच खरं होतं. नव्या गोष्टी कानावर आहेत, पण शाळेतल्या मुलांना एक काहीतरी धरून ठेवायला हवं. आज अणू फुटला म्हणालो, उद्या आणखी काही फुटेल, शेवटी त्यांच्या हातात राहील काय? आणि एका पोरीने तिघांसमोर माझं पुस्तक खोटं ठरवावं, हे मी निधीच्या मंडळाला काय तोंडाने सांगू?

म्हणजे शेवटी हेच. पुस्तकाचा अभिमान. मी तसं म्हटलंही.

ते थोडे लाल झाले. मग म्हणाले, "बाई, फुटतो म्हणायच्या आधी ती अविभाज्य म्हणायला लागली होती. 'अवि' पर्यंत आली आणि थांबली. मी तिला वाट काढून दिली, दोनदा दिली. पुस्तकात काय आहे एवढंच सांग म्हटलं. तिला ते पाठ होतं, डोळ्यांत दिसत होतं. तरी बोलली नाही. तिला कोणाची एवढी भीती होती, ते मला कळेना."

काय हा कांगावा. स्वतः मुलीला पाडायचं आणि वर म्हणायचं की भीती दुसऱ्याचीच. मी पन्हं न पिताच उठले.

२४ जून

आष्ट्याला जाऊन आले. केरबांना सांगायचं होतं की अन्याय झाला आहे, आपण तक्रार करू, वरपर्यंत जाऊ. ते सोप्यात बसून विळ्याला धार लावत होते. म्हणाले, "बाई, न्याव-अन्याव मला कळत न्हाई. बोली झाली हुती, ती मी पाळतोय. दिवाळीपत्तर लगीन उरकायचं."

शालू आत चुलीपुढे होती. चहा घेऊन आली. धुराने डोळे लाल झालेले, हाताला पीठ. मी म्हटलं, धीर सोडू नकोस, मी यांना सोडणार नाही. तिने मान हलवली आणि कप उचलून आत गेली. मला वाटलं होतं तीही माझ्यासारखीच पेटून उठली असेल. खेड्यातल्या मुली किती लवकर हार मानतात. माझाच जीव तेवढा तिळतिळ तुटतो आहे.

८ ऑगस्ट

आज वर्तमानपत्रात आलं. अमेरिकेने जपानच्या एका शहरावर नव्या जातीचा बाँब टाकला, अणू फोडून केलेला. अख्खं शहर एका बाँबने गेलं म्हणतात. पुन्हा वाचलं. अणू फोडून.

आता बोला म्हणावं आगाशे मास्तरांना. सगळ्या जगाने पाहिलं, पहिल्या पानावर छापून आलं, आता कुठे लपणार? मी तो अंक घेऊनच शाळेत गेले आणि शिक्षिकांच्या खोलीत मोठ्याने वाचून दाखवला. शकुंतलाबाई म्हणाल्या, किती माणसं मेली हो? मी म्हटलं, तो प्रश्न वेगळा. संध्याकाळी आगाशे मास्तरांना पत्र टाकलं. 'अणू फुटला. आता तरी आपल्या पुस्तकात सुधारणा होईल अशी आशा आहे.' एवढंच. फार दिवसांनी पोटभर जेवले.

आणखी एक. पेठेत सगळे 'इलेक्ट्रॉनचा बाँब' म्हणताहेत. तो इलेक्ट्रॉनचा नाही, केंद्राचा आहे. इलेक्ट्रॉन बिचारे बाहेर असतात, त्यांचा यात हात नाही. लोकांना पहिल्यापासून नीट शिकवलं असतं तर असं बोलले नसते.

१९ ऑगस्ट

लढाई संपली. मी वर्तमानपत्र घेऊन आष्ट्याला गेले. वाटलं, केरबांना दाखवावं की तुमची मुलगी बरोबर होती, अमेरिकेनेच शाबीत केलं.

त्यांच्या घरी गूळ वाटणं चाललं होतं. जोतीराम जिवंत परत येणार म्हणून. केरबांनी माझ्याही हातावर गुळाचा खडा ठेवला आणि म्हणाले, "त्या बाँबनं माझं पोरगं मागारी आनलं." मी म्हटलं, तो बाँब म्हणजेच शालूने सांगितलं होतं ते. ते माझ्याकडे बघतच राहिले. मग बाहेर कोणी हाक मारली म्हणून गेले.

शालूने वर्तमानपत्र घेतलं. सगळं वाचलं, सावकाश, बोट फिरवत. मी वाट पाहत होते की ती काय म्हणते. ती म्हणाली, "बाई, त्या गावात शाळा आसतील का?"

मी म्हटलं, असतीलच, मोठं शहर आहे.

"म्हंजी पोरी सकाळी शाळंत गेल्या आसतील."

मी म्हटलं, तू आपलं बघ, तू खरी ठरलीस. ती म्हणाली, "मी खरी हुते म्हनून काय झालं?" आणि गुळाचं ताट घेऊन शेजारी वाटायला गेली.

मी एवढी बातमी घेऊन गेले, तर हिचं लक्ष भलतीकडेच. परत येताना मोटारीत खूप गरम होत होतं.

२ सप्टेंबर

आगाशे मास्तरांचं कार्ड आलं. एकच ओळ. 'आपले पत्र पोचले. आपल्याला आनंद झालेला दिसतो.'

हा काय जबाब झाला? मी पुस्तकाबद्दल विचारते आणि हे माझ्या आनंदाबद्दल बोलतात. मुद्दा टाळण्याची ही जुन्या माणसांची रीत. अण्णाला कार्ड दाखवलं. त्याने ते वाचलं, परत दिलं आणि विचारलं, "झाला होता का?"

मी त्याला सांगितलं की तूही त्यांच्यातलाच.

पण कार्ड फाडून टाकलं ते बरं केलं. नाहीतर पुन्हा पुन्हा वाचलं असतं.

१० फेब्रुवारी १९४६

बरेच महिने काही लिहिलं नाही. लिहिण्यासारखं काही घडलं नाही, आणि जे घडत होतं त्याचा नुसता संताप यायचा. नवा वर्ग, तेच पुस्तक, तेच वाक्य. माझी नोकरी कायम झाली.

आज मात्र लिहायला हवं. शालूचा भाऊ जोतीराम महिन्यापूर्वी परत आला. एक पाय किंचित ओढतो. आज तो शाळेत येऊन मला भेटला. शालूचं लग्न दिवाळीत व्हायचं ते भाऊ येईपर्यंत म्हणून पुढे ढकललेलं होतं. त्याने आल्याबरोबर बापाला सांगितलं, हिला साताऱ्याच्या परीक्षेला आणखी एकदा बसवायची. निधीच्या नियमात दुसऱ्यांदा बसता येतं, ते त्याने स्वतः जाऊन विचारून आणलं.

मी विचारलं, वडील तयार झाले कसे? तो हसला. म्हणाला, "मी रंगूनच्या दवाखान्यात हुतो, बाई. मद्रासकडची एक नर्सबाय हुती, शालूपेक्षा दोन-चार वर्सांनी मोठी. डागदर म्हनला, पाय कापू. ती म्हनली, चार दिस थांबा. इंग्रजीत भांडली त्याच्यासंगं. आबांला म्हनलं, तिच्या बापानं तिला शिकवली म्हनून ह्यो पाय हाय. आबा दोन दिस बोलले न्हाईत. मग म्हनले, बसू दे."

वाळव्याच्या लोकांनी वाट पाहून दुसरीकडे सोयरीक केली, हेही बरंच झालं. मी म्हटलं, शालूला रविवारी माझ्याकडे पाठवा, तयारी करून घेते. तो जरा घुटमळला. म्हणाला, "ती म्हनती, माझी मी करीन."

माझ्याशिवाय? हिला शिकवलं कोणी?

१२ मे

शालू आत्याकडे आली होती, तशी घरी येऊन गेली. उद्या सातारा. मी सामान बांधूनच ठेवलं होतं. ती दारातच उभी राहून म्हणाली, "बाई, तुमी येऊ नगा. दादा येतोय संगं."

मी कारण विचारलं. सांगितलं नाही. पाया पडली आणि गेली.

ज्यांनी तिला पाडलं त्यांच्यावर तिचा राग नाही. मी वर्षभर तिच्यासाठी भांडले, पत्रं लिहिली, उन्हातान्हात आष्ट्याच्या खेपा घातल्या, तर मलाच मज्जाव. वहिनी म्हणाली, जाऊ दे, मुलगी घाबरलेली आहे. घाबरलेली मुळीच नव्हती. तेच तर मला लागलं.

२८ मे

शालूची निवड झाली. आज दोघं भावंडं पेढे घेऊन आली. मला इतका आनंद झाला की मी सगळं विसरले. म्हटलं, शेवटी आगाशे मास्तरांना नमावंच लागलं. काय विचारलं त्यांनी?

"त्येच, बाई. अणू म्हंजी काय."

जपानात दोन शहरं राख झाली, तरी या माणसाचा अणू अजून शाबूत. म्हटलं, मग?

"मी म्हनले, पुस्तकात लिवलंय, अणू अविभाज्य हाय."

मला वाटलं, ऐकण्यात चूक झाली. मी पुन्हा विचारलं. तिने तेच पुन्हा सांगितलं, डोळे न चुकवता. मास्तर हसले म्हणे, आणि म्हणाले, 'बरोबर, पुस्तकात असंच लिहिलं आहे.' पुढे काही विचारलं नाही.

मी पेढा खाली ठेवला. मी काय काय बोलले ते सगळं आठवत नाही. एवढं आठवतं, की म्हटलं, तुझ्यासाठी मी सगळ्यांशी वैर घेतलं आणि तू त्याच खुर्चीपुढे जाऊन तेच खोटं बोललीस. गेल्या वर्षी हरलीस तेव्हा तू माझी मान ताठ केली होतीस. आज जिंकलीस आणि मान खाली घालायला लावलीस. जोतीराम मधे काही बोलणार होता, तिने त्याचा हात धरला.

ती म्हणाली, "खोटं न्हाई बोलले. पुस्तकात तसंच हाय. आन् अणूत काय हाय ते मला बघायचंय, बाई. ती काचेची नळी पुन्याला हाय, आष्ट्याला न्हाई."

मी उठून आत गेले. ती दोघं थोडा वेळ थांबली आणि गेली.

१६ जून

आज शालू पुण्याला गेली. मी स्टेशनवर जाणार नव्हते. अण्णाने टांगाच आणून दारात उभा केला, आणि टांगेवाल्यापुढे तमाशा नको म्हणून बसले.

मिरजेच्या फलाटावर अर्धं आष्टा लोटलं होतं. केरबा नवा फेटा बांधून आले होते. मला पाहताच पुढे आले, हात जोडले आणि चारचौघांत म्हणाले, हे सगळं बाईंच्यामुळं झालं. त्या माणसाला काहीच कळत नाही. मला तिथे उभं राहवेना.

शालू पाया पडायला वाकली. मी बोलणार नव्हते, पण तोंडातून गेलंच. म्हटलं, "ते वाक्य त्यांच्यासमोर म्हणताना तुला काहीच वाटलं नाही?"

ती सरळ उभी राहिली. आवाज चढवला नाही. आजूबाजूच्या गलक्यात मलाच ऐकू येईल इतकं हळू बोलली.

"वाटलं की, बाई. गेल्या साली गप ऱ्हायले तवाबी वाटलं हुतं. तवा वरीसभर चुलीम्होरं मी बसले. तुमी न्हाई बसला."

गाडीने शिटी दिली. जोतीरामने तिची ट्रंक आत सरकवली. ती खिडकीशी बसली आणि तिने मला हात केला. रागावलेली दिसत नव्हती, जरासुद्धा नाही. रागावली असती तर मला उत्तर देता आलं असतं.

शिकून मुली उद्धट होतात म्हणतात. मी हे कधी मानलं नाही, आणि आजही मानत नाही. पण मोठ्यांशी बोलण्याची काही रीत असते.

टांग्यात अण्णाने विचारलं, काय म्हणाली? मी सांगितलं, नीट जाईन म्हणाली.

२३ जून

आठवडाभर कशात लक्ष लागत नाही. वर्गात परवा उष्णतेचा धडा चालू असताना मधेच थांबले, मुलींना वाटलं मला बरं नाही.

तीन दिवस बसून लेख लिहिला. 'पदार्थविज्ञानाच्या एका पाठ्यपुस्तकातील चुका' असं नाव दिलं. अणूपासून सुरुवात केली. नळीतला हिरवा उजेड, चुंबक, सोन्याचा पत्रा, रिकामी जागा, सगळं साध्या मराठीत सांगितलं, आणि असं का शिकवत नाही ते विचारलं. पुस्तकाचं नाव घातलं, आगाशे मास्तरांचंही घातलं. तरी त्यांना अपशब्द एकही वापरलेला नाही. दोन होते ते काढले.

आज स्वतः नेऊन इथल्या साप्ताहिकाच्या संपादकांना दिला. त्यांनी तिथेच वाचला. म्हणाले, छापतो, पण आगाशे मास्तर तुमच्या शाळेच्या मंडळावर आहेत ना? खाली टोपणनाव घालू. 'एक शिक्षिका' म्हणू. बरेच लोक तसंच करतात, त्यात काही कमीपणा नाही.

मी 'बरं' म्हणणार होते. तोंडात आलंही होतं.

मग म्हटलं, नको. विनोदिनी मायणीकर, बी.एस्सी. असं घाला. खाली शाळेचं नाव घाला.

त्यांनी चष्म्यावरून माझ्याकडे पाहिलं, नाव लिहून घेतलं, स्पेलिंग बरोबर आहे ना विचारलं. मराठीत कसलं आलंय स्पेलिंग, मी म्हटलं. इतका राग आला होता त्या माणसाचा.

छत्री तिथेच विसरून घरी आले. पाऊस थांबला होता म्हणून असेल.